सहा वाजेपर्यंतचा होकार

विट्याच्या गुणवंतराव कॉलेजच्या मुलींच्या हॉस्टेलात एक माळ होती. सोन्याची नाही, मोत्यांची नाही, चण्याएवढ्या काळ्या प्लॅस्टिकच्या नऊ मण्यांची. पण त्या माळेनं नऊ जणींना अडीच वर्षं सकाळची साखरझोप दिली, आणि एवढं सुख सोन्याच्या माळेनं कुठल्या राणीला दिलं असेल असं वाटत नाही. रोज एकीची पाळी असायची. तिनं बाकीच्या आठ जणींचे मणी आपल्या मण्यासोबत दोऱ्यात ओवायचे, ओढणीखाली गळ्यात घालायचे आणि पहिल्या तासाला जाऊन बसायचं. आठ जणी घोरत पडायच्या आणि हजेरी नवांची लागायची.

हे मणी कुठून आले ते सांगायचं तर आधी चाळणीचं सांगायला हवं.

भर दुपारी खोलीची दारं लावून घेतली आणि खिडकीला एकच बारीक भोक राहिलं, तर समोरच्या भिंतीवर रस्त्यावरची माणसं डोकं खाली पाय वर करून चालताना दिसतात. भोक एक म्हणून चित्र एक. भोकं हजार पाडली तर चित्रं हजार होतात, पण ती सगळी एकावर एक सांडतात आणि भिंतीवर नुसता गढूळ उजेड पडतो. मात्र कुठलं भोक नेमकं कुठे आहे हे पक्कं ठाऊक असेल, तर गणित करून तो गढूळ उजेड निवडता येतो. पाच डाळी एकात मिसळल्या तरी सरावाची बाई कशी बसल्या बसल्या वेगळ्या करते, तसंच. हे गणित कॉम्प्युटरला जमलं आणि कॅमेऱ्याला भिंगाची गरजच उरली नाही. वर भोकांची जाळी, खाली उजेड झेलणारा पडदा, मध्ये केसभर फट. कॅमेरा झाला पापडाएवढा पातळ. लोक त्याला चाळणी म्हणायला लागले. ही चाळणी कुठेही चिकटायची: कॅलेंडरमागे, आरशाच्या चौकटीत, स्विचबोर्डावर. कऱ्हाडात म्हणे एका बाईनं चाळणी पापड समजून तळली, तर तिच्या स्वैपाकघराची शेवटची दहा मिनिटं चुर्रचुर्र आवाजासकट रेकॉर्ड झाली. खरंखोटं त्या बाईला ठाऊक.

चाळण्या शोधून सापडेनात, तेव्हा कायद्यानं शोधायचा नाद सोडला आणि चित्रालाच कुलूप घातलं. विकल्या जाणाऱ्या प्रत्येक चाळणीच्या पोटात एक सक्ती बसवली. समोर माणूस दिसला की आधी चेहरा आणि चालण्याची ढब बघून तो कोण ते ओळखायचं, मग सरकारी यादीत बघायचं. त्या जागेसाठी, त्या दिवशी त्याचा होकार असेल तरच त्याला दाखवायचं. नसेल तर पुसून टाकायचं. पुसलेला माणूस पडद्यावर पांढरा ठिपका दिसायचा, नाक नाही, डोळे नाहीत, गिरणीतून दळण घेऊन बाहेर पडलेल्या माणसासारखा. प्रांजल पिसाळच्या आईची आटपाडीला पिठाची गिरणी होती. म्हणून प्रांजलला ते ठिपके बघितले की घरची आठवण यायची.

आणि होकार द्यायचा तो मण्यानं. मनगटाला बांधलेला मणी मुठीत धरून दोनदा दाबला की यादीत आपलं नाव हिरवं व्हायचं. मणी अंगाची ऊब बघायचा, नाडी बघायचा. टेबलावर ठेवून दाबला तर ढिम्म. पण दारातून आत गेल्याची नोंद सोडली तर तो कुठे आहे हे मात्र कुणालाच कळायचं नाही, कारण माणसाचा माग काढणं हाही गुन्हा ठरवला होता. कायदा करणारे शहाणे होते. फक्त ते कधी हॉस्टेलात राहिले नव्हते.

कॉलेजनं या होकारावर हजेरी बसवली. सकाळी मण्यानं होकार द्यायचा, वर्गाच्या दारातून जे हिरवे मणी आत जातील त्यांच्या नावावर त्या दिवसाची हजेरी. पोरं हजेरी लावून लगेच पुसट होतात आणि भिंत ओलांडून पळतात, म्हणून नियम केला की दिलेला होकार संध्याकाळी सहापर्यंत मागे घेता येणार नाही. होकार कुठपर्यंतचा, तर ‘महाविद्यालयाच्या परिसरापुरता’. परिसर म्हणजे काय ते प्रवेश-अर्जाच्या अकराव्या पानावर होतं: वर्ग, प्रयोगशाळा, मैदान, कॅन्टीन, वसतिगृहे. अकरावं पान आजवर फक्त झेरॉक्सच्या मशीननं वाचलं होतं.

मंगळवारी माळेची पाळी प्रांजलची होती. ती शेवटच्या वर्षाला, मृदाशास्त्राला. पुण्याच्या एका माती-तपासणीच्या लॅबमध्ये तिची निवड झाली होती, जूनमध्ये हजर व्हायचं होतं. तिच्या खोलीत, चौदा नंबरात, चैत्राली साळुंखे होती. चैत्रालीचं गाव विट्याजवळच, पण आईवडील सेलमला, तिकडे त्यांचं सोनं गाळायचं दुकान. विट्याकडची निम्मी घरं अशी तमिळनाडूत नाहीतर केरळात सोनं गाळत बसलेली असतात, आणि पोरी इकडे शिकतात. चैत्राली सोमवारपासून तापानं फणफणली होती. मण्याचा दोरा अंगाला चावतो म्हणून तिनं तो काढून आरशाशेजारच्या खिळ्याला अडकवला होता.

“चैतू, तुझा मणी नेते गं.”

“नको,” चैत्राली पांघरुणातून म्हणाली. “आज नको नेऊस.”

“अगं सेलमला महिनाभर राहून आलीस, त्यानं चौऱ्याहत्तर टक्क्यांवर आलीय तुझी हजेरी. एका टक्क्यासाठी परीक्षेला बसू देत नाहीत. मागच्या वर्षी बघितलंस ना त्या थोरातच्या पोरीचं?”

“दाखला देईन डॉक्टरचा.”

“दाखला मंजूर व्हायला वर्ष लागतं. तोवर तुझी पोरं कॉलेजात येतील.”

“नको म्हटलं ना, प्रांजू. राहू दे आज.”

का नको ते चैत्रालीनं सांगितलं नाही, आणि प्रांजलनं विचारलं नाही. दोन मिनिटांत चैत्रालीचा डोळा लागला. प्रांजलनं तिच्या कपाळावरची पट्टी बदलली, उशाशी पाण्याचा तांब्या ठेवला, आणि जाता जाता खिळ्यावरचा मणी काढून माळेत ओवला. मैत्रिणीचं भलं करायचं तर त्यात तिला काय विचारायचं, असा तिचा खाक्या होता. दुपारी येऊन तिनं मणी होता तसा खिळ्याला अडकवला. चैत्राली झोपलेलीच होती.

शुक्रवारी दुपारी मेसमध्ये वरण वाढता वाढता एक एक पोरगी फोनकडे बघून गप्प होत गेली.

अकरा सेकंदांची फिल्म होती, मंगळवारची. चौदा नंबरची खोली, घामानं भिजलेला कुर्ता बदलणारी चैत्राली. आणि कोपऱ्यात हिरवा शिक्का: संमती आहे.

चाळणी स्विचबोर्डाच्या झाकणावर निघाली. ‘कमवा आणि शिका’मधून हॉस्टेलची विजेची कामं करणाऱ्या अथांग देशमाने नावाच्या पोरानं सोमवारीच तो बोर्ड दुरुस्त केला होता. त्यानं कबूलही केलं. खोलीत चाळणी लावल्याचा दंड होता, तो भरायला त्याचे काका तयारच होते. पण चित्र हिरवं असेल तर ते चित्र कायदेशीर, असं कलम होतं. शिक्का नसलेलं चित्र कुठलाच फोन दाखवत नसे. शिक्का असलेलं कुणालाच थांबवता येत नसे. अथांगचं म्हणणं सरळ होतं. “मी चाळणी लावली, चुकलं. पण तिचा होकार नसता तर मला ठिपकाच दिसला असता ना? सोमवारी दिवसभर ठिपकेच दिसले.”

चैत्राली खोलीत आली, दार लावून घेतलं आणि पलंगाच्या कडेवर बसली. ती रडत नव्हती. विचार करत होती.

“प्रांजू, खरं सांग. मंगळवारी माळेत माझा मणी नव्हता ना?”

“नाही,” प्रांजल म्हणाली. “तू नको म्हणालीस ना.”

विचार करून ती खोटं बोलली असती तर गोष्ट वेगळी होती. पण ते तोंडातून असं निसटलं, जसा ओल्या हातातून साबण. आणि निसटलेला साबण पकडायला जावं तसा तो आणखी लांब जातो. दुसऱ्या मिनिटाला सांगता आलं असतं. तिसऱ्याला जरा अवघड. संध्याकाळपर्यंत त्या एका ‘नाही’भोवती चार भिंती उभ्या राहिल्या आणि प्रांजल आत.

चैत्रालीनं तक्रार केली. प्राचार्य यादवांनी हजेरी काढून दाखवली. मंगळवार, साळुंखे चैत्राली, हजर.

“मी पलंगावरून उठले नव्हते सर.”

“मग मणी काय पंख लावून वर्गात आला?” प्राचार्य म्हणाले. “ताप किती होता तुला?”

“एकशे तीन.”

“एकशे तीन तापात माणसाला काय आठवतंय.”

रेक्टर वाघमोडे मॅडम तिच्या पाठीवरून हात फिरवत म्हणाल्या, “बाळा, तापात उठून आली असशील तासाला. हजेरीची काळजी तुला होतीच. परत जाऊन झोपलीस. होतं असं.”

सेलमहून वडिलांचा फोन आला. ते फार बोलणारे नव्हते. सगळं ऐकून त्यांनी एकच विचारलं, “तूच दाबला होतास का गं?” आणि चैत्रालीला ‘नाही’ म्हणायला जरा उशीर झाला.

त्या दिवसापासून ती दुपारची पडली की आधी दोन्ही हात ओढणीनं पलंगाच्या दांडीला बांधून घ्यायला लागली, बोटं उघडी ठेवून. एका हातानं दुसरा बांधायचा आणि उरलेला प्रांजलकडून बांधून घ्यायचा.

“घट्ट बांध.”

“कशाला गं हे?”

“झोपेत मूठ वळली तर? मणी मी टाकून ठेवलाय कपाटात, पण मी झोपेत उठून कपाट उघडत नसेन कशावरून? तू कधी बघितलंयस का मला झोपेत चालताना?”

प्रांजलनं गाठ मारली. “नाही.”

“आठव ना नीट. आजी म्हणायची, लहानपणी मी झोपेत उठून देवघरात जाऊन बसायचे. मला वाटतं मीच गेले असेन प्रांजू. मीच दाबला असेल.”

माणसाच्या हातून चूक झाली तर त्याला झोप लागत नाही, असं म्हणतात. इथे चूक एकीची होती आणि झोप दुसरीची गेली होती. आणि पहिली रोज दुपारी तिचे हात बांधत होती.

दहा नंबरमधली ईशिता बनसोडे जिन्यात भेटली. ईशिताला सगळं ठाऊक होतं. मंगळवारी माळ ओवताना तीच दोरा धरून उभी होती.

“तोंड बघवत नाही तुझं,” ईशिता म्हणाली. “काही बोलायचा विचार करत असशील तर आधी कलम नऊ वाच.”

“वाचलंय.”

“दुसऱ्याचा होकार देणं. तीन वर्षं. आणि मणी दहा वर्षं बंद. तू बोललीस की ते विचारणार, माळेत आणखी कुणाचे होते? नऊ जणींच्या माना आहेत त्या दोऱ्यात, प्रांजल. माझं लग्न ठरलंय.”

मणी बंद म्हणजे काय ते विट्यात सगळ्यांना ठाऊक होतं, कारण स्टँडवर एक जण होता. त्यानं कुणाच्या तरी नावानं होकार दिला होता, तेव्हापासून तो जगाच्या पडद्यावर कायमचा पुसट. बसचं दार त्याच्यासाठी उघडायचं नाही, बँकेतला कॅमेरा त्याला माणूस म्हणायचा नाही. त्याच्या स्वतःच्या लग्नाच्या फिल्ममध्ये म्हणे नवरी एका पिठाच्या ढिगाला हार घालते. लोक हसायचे. प्रांजलही हसली होती. पुसट माणसाला पुण्याच्या लॅबचं दार उघडेल का, हे तिनं कुणाला विचारलं नाही.

बुधवारी दुपारी तिनं आईला फोन लावला. गिरणी चालू होती, तिथे आईला, मंगलाकाकूंना, ओरडूनच बोलावं लागायचं. ती सवय अशी जडली होती की त्या देवासमोरही ओरडूनच बोलायच्या.

“आई, गव्हाच्या दळणात आधीची ज्वारी उतरली तर काय करतेस गं?”

“काय?”

“गव्हात ज्वारी उतरली तर!”

“सांगते गिऱ्हाइकाला. दुसरं काय करणार?”

“आणि नाही सांगितलं तर? कळतं कुणाला?”

“पोळी लाटायला घेतली की कडेला चिरते. मग ती बाई म्हणते, आपलंच मळायला चुकलं. कणकेला पाणी घालत बसते, हातातली कला गेली म्हणून स्वतःलाच दोष देते बिचारी.” गिरणी थांबली आणि आईचा आवाज एकदम मोठा वाटायला लागला. “का गं? तुझ्या मातीच्या परीक्षेत गिरणी आली का?”

“हो,” प्रांजल म्हणाली.

“मग लिही की खरं. फुकट मार्क मिळतील.”

गुरुवारी अकरा वाजता चौकशी होती. लांबलचक टेबल, भिंतीवर मोठा पडदा, कारण चौकशीचं रेकॉर्डिंग व्हायलाच हवं असा नियम. आवाज सगळ्यांचा, चित्र ज्याचा होकार त्याचंच. त्यामुळे पडद्यावर नुसते ठिपके बसलेले. टेबलाच्या मधोमध एक स्टीलची ताटली होती. समितीतला प्रत्येक जण आला की आपला मणी सोडून त्या ताटलीत ठेवायचा. ही या कॉलेजची खास रीत. तीन वर्षांपूर्वी एका मीटिंगमध्ये प्राचार्य यादवांना डुलकी लागली होती आणि मूठ आपोआप दोनदा वळली होती. त्यांचं घोरणं अख्ख्या जिल्ह्यानं बघितलं. काही जणांनी तर म्हणे ते अलार्मला लावलं. तेव्हापासून ताटली.

अध्यक्ष होत्या सरकारी वकील तिवाटणे बाई, अशा तक्रारींचा निकाल द्यायला सरकारनं नेमलेल्या. जिल्हा कोर्टातून निवृत्त, तोंडात कायम लवंग. त्यांच्या एका बाजूला प्राचार्य आणि रेक्टर, दुसऱ्या बाजूला मण्याच्या कंपनीचे इंजिनिअर चौगुले. समोर अथांग आणि काका, आणि पलीकडे चैत्राली. प्रांजल तिच्या सोबतीला म्हणून मागच्या खुर्चीवर बसली होती. चैत्रालीची मनगटं ओढणीच्या गाठींनी लाल झाली होती.

“मणी दुसऱ्याच्या हातात चालतो का?” तिवाटणे बाईंनी चौगुल्यांना विचारलं.

“शक्यच नाही मॅडम. जिवंत शरीर लागतं. ऊब, नाडी, त्वचेचा ओलावा, तिन्ही तपासतो.”

“जिवंत शरीर कळलं. कुणाचं ते तपासतो का?”

“मॅडम, आपला मणी आपल्याच अंगावर असतो. दुसऱ्याच्या अंगावर कशाला जाईल?”

“मी विचारलं काय, तुम्ही सांगताय काय.” बाईंनी लवंग या गालातून त्या गालात नेली. “असो. साळुंखे, तुझं काय म्हणणं आहे? तू त्या दिवशी होकार दिलास?”

चैत्राली उभी राहिली. तिनं एकदा आपल्या हातांकडे बघितलं.

“मला आठवत नाही बाई. मी नाही म्हणत होते आधी. पण यादीत आहे, हजेरीत आहे. म्हणजे... दिला असेल मी. तापात.”

प्राचार्यांनी खुर्चीत मागे टेकून सुस्कारा सोडला. काकांनी पुतण्याच्या मांडीवर थोपटलं. तिवाटणे बाईंनी पेनाचं टोपण काढलं, आणि ते पेन कागदाला टेकलं की हिरवा शिक्का जन्मभर हिरवा राहणार होता.

प्रांजल उठली. ती कशी उठली ते तिला नंतरही सांगता आलं नाही. ती टेबलापाशी गेली.

“मंगळवारी तिचा मणी माझ्या गळ्यात होता,” ती म्हणाली. “मी दाबला.”

चैत्रालीनं मान वळवली. हळू वळवली, पण प्रांजलला ती वळताना ऐकू आली असं वाटलं.

“बस खाली,” प्राचार्य म्हणाले. “मैत्रिणीसाठी खोटं बोलू नये. कलम नऊ ठाऊक आहे का?”

“ठाऊक आहे सर.”

“मॅडम, ही भावनेच्या भरात बोलतेय,” चौगुले म्हणाले. “तांत्रिकदृष्ट्या हे होऊच शकत नाही. आजवर देशात एकसुद्धा—”

प्रांजलनं ताटलीत हात घातला. चारही मणी मुठीत घेतले. माळेची सवय होती, नवांच्या मानानं चार म्हणजे शेंगदाणे. तिनं मूठ छातीशी धरली, ऊब लागू दिली, आणि दोनदा दाबली.

भिंतीवरचे चार ठिपके विरघळले.

पडद्यावर प्राचार्य यादव दिसले. बूट काढून एक पाय खुर्चीवर घेतलेला, करंगळी कानात. वाघमोडे मॅडम टेबलाखाली फोनवर साड्या बघत होत्या. चौगुल्यांचं तोंड ‘एकसुद्धा’वर उघडं राहिलं होतं. आणि तिवाटणे बाई लवंग चघळत पडद्याकडे बघत होत्या, जराशा हसत.

“हे बंद करा,” प्राचार्य म्हणाले. पाय खाली घेताना बूट सापडेना. “मी परवानगी दिलेली नाही. चौगुले, बंद करा आधी.”

“बंद नाही होत सर.”

“का नाही होत?”

“दिलेला होकार सहापर्यंत मागे घेता येत नाही. कॉलेजनंच तसं करून मागितलं होतं आमच्याकडून.”

“पण मी होकार दिलेलाच नाही.”

“प्राचार्य,” तिवाटणे बाई शांतपणे म्हणाल्या, “यादी तर म्हणतेय दिलाय. तापबिप आहे का तुम्हाला?”

पडद्यावरचे प्राचार्य आणि खुर्चीतले प्राचार्य दोघंही लाल झाले. मग ते उठले आणि हातात एक बूट घेऊन बाहेर पडले. परिसर सोडल्याशिवाय सुटका नव्हती. त्यांनी गाडी काढली ती थेट गावाच्या वेशीपलीकडे नेऊन उभी केली आणि सहा वाजेपर्यंत ते एका उसाच्या फडाशी बसून होते, असं लोक सांगतात. उसाचं ठाऊक नाही, पण बूट एकच होता हे दारावरच्या वॉचमननं बघितलं.

तिवाटणे बाईंनी लिहायला घेतलं. पान भरेपर्यंत वर बघितलं नाही.

“शिक्का उडवायचा हुकूम देतेय,” त्या म्हणाल्या. “तासाभरात फिल्म बंद होईल. ज्यांनी बघितली त्यांच्या डोळ्यांतून काढायचं माझ्या हातात नाही. देशमाने, तुझी केस आता फौजदारीत जाईल. काकांना दंडाचे पैसे खिशातच ठेवायला सांग.” मग त्या प्रांजलकडे वळल्या. “आणि तुझ्याविरुद्ध कलम नऊ. मंगळवारचं एक, आणि माझ्या डोळ्यांदेखत आत्ताचे चार. मला लिहावंच लागेल, पोरी.”

“लिहा बाई.”

“मणी गळ्यात, म्हणजे माळ असणार. त्या माळेत आणखी कुणाकुणाचे मणी असायचे?”

दाराच्या काचेपलीकडे ईशिता उभी होती. प्रांजलला ती दिसली.

“माळ माझ्या गळ्यात होती बाई. गळा माझा एकटीचा.”

बाईंनी पेनाला टोपण लावलं. “हात पुढे कर,” त्या म्हणाल्या. चौगुल्यांनी प्रांजलच्या मनगटावरचा मणी कापला आणि पाकिटात टाकला. मनगटावर दोऱ्याचा पांढरा वळ राहिला, बाराव्या वर्षापासूनचा.

बाहेर ऊन कडक होतं. चैत्राली पुढे चालत होती, प्रांजल चार पावलं मागे. कॅन्टीनवरून जाताना टेबलाटेबलावर पोरं फोन हलवून बघत होती. फिल्म अजून होती, पण तिच्यात आता एक पांढरा ठिपका अकरा सेकंद इकडून तिकडे हलत होता.

कडुलिंबाखाली चैत्राली थांबली. वळली नाही.

“मी तुला नको म्हणाले होते.”

“हो.”

“दोनदा म्हणाले होते. म्हणजे मी झोपेत चालत नाही.”

“नाही चालत.”

“आणि तू रोज माझे हात बांधत होतीस.”

प्रांजलला सांगायचं होतं की हजेरी चौऱ्याहत्तर होती, की कपाळावरची पट्टी आपण बदलली होती, उशाशी पाणी ठेवलं होतं. सगळं खरं होतं आणि त्यातलं काहीच आता बोलण्यासारखं नव्हतं.

“त्या पोरानं निदान चाळणी चोरून लावली,” चैत्राली म्हणाली. “तू तर मला विचारलंस, आणि मग घेऊन गेलीस.”

ती पुन्हा चालायला लागली. फाटकावर वॉचमनच्या टपरीत छोटा पडदा होता. त्यावर दोन पांढरे ठिपके पुढेमागे येताना दिसत होते. एकीचा मणी कायद्यानं घेतला होता, दुसरीनं आपला कपाटात टाकला होता. वॉचमननं डोळे बारीक केले, कोण ती साळुंख्यांची आणि कोण पिसाळांची ते त्याला ओळखता येईना. पुढचा ठिपका फाटकापाशी थांबला. मागचा हळूहळू त्याच्यापर्यंत आला.

रस्त्यावरून ट्रॅक्टर चालले होते, साखळीनं चार-पाच. हॉस्टेल पलीकडे होतं, रस्ता ओलांडायचा होता. अडीच वर्षं हा रस्ता त्या दोघींनी हात धरून ओलांडला होता, आणि हात नेहमी प्रांजलनंच पुढे होऊन धरला होता, न बोलता.

“हात धरू?” प्रांजलनं विचारलं.

चैत्रालीनं ट्रॅक्टर जाऊ दिले. एक, दोन, सगळे.

“नको,” ती म्हणाली.

“बरं,” प्रांजल म्हणाली, आणि आपला हात ओढणीत गुंडाळून तिच्या शेजारून चालायला लागली.